आषाढातली खरेदी

सरसक्का कुठल्याही घाऊक दुकानात शिरली की भाव विचारत नसे. चपला बाहेर काढायची, आतल्या स्टुलावर बसायची, पदरानं मान पुसायची आणि विचारायची, "काय पडून आहे तुमच्याकडे?" मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, बाईचं डोकं ठिकाणावर नाही. माणूस दुकानात जातो तो आपल्याला हवं ते मागायला. न खपलेलं मागणारी मी ही पहिलीच बघितली.

मी त्या वेळी चिकपेटेत पारसशेठच्या दुकानात उभी राहून भांडत होते. मी बेळगावकडची. लग्न होऊन बेंगळुरूला आले आणि बनशंकरीत ब्लाउज शिवायचं छोटं दुकान टाकलं. त्यासाठी अस्तर, फॉल, हूक, रिळं असं सगळं घाऊक घ्यायला आले होते, आणि शेठ काही केल्या दोन टक्क्यांच्या वर सूट द्यायला तयार नव्हता. बघता बघता माझा आवाज चढला. शेजारच्या दुकानात याच अस्तराला पाच टक्के देतात, असं मी ठोकून दिलं. शेठनं चष्मा वर केला आणि शांतपणे म्हणाला, "तो वहीं से ले लीजिए ना, बहनजी." माझं तोंड एवढंसं झालं.

कोपऱ्यातल्या स्टुलावरून कुणीतरी मराठीत बोललं, "अय्यो, खोटं बोलायचं तर या पेठेतल्या भावाचं बोलू नये गं. इथं सगळ्यांना सगळ्यांचा भाव पाठ असतो."

ही सरसक्का. खरं नाव सरस्वती, पण कन्नड शेजाराच्या तोंडून सरसक्का झालं आणि तेच राहिलं. ठेंगणी, सावळी, नाकाच्या दोन्ही बाजूंना चमक्या, आणि गळ्यात मापाची टेप. ही टेप ती लग्नाकार्यालासुद्धा काढायची नाही. विचारलं तर म्हणायची, "मंगळसूत्र गेलं, गळा मोकळा कशाला ठेवू?" नवरा शिंपी होता. तो गेल्यावर तिनं शिवणं कमी केलं आणि चामराजपेटेतल्या त्याच्या शिवणाच्या खोलीत शिवणकामाच्या सामानाचं दुकान थाटलं. घराणं पिढ्यान्‌पिढ्या इथलंच. "आम्ही कधी आलो, कुणाबरोबर आलो, देवाला माहीत. मराठी तेवढी घरात उरली बघ," असं ती सांगायची. तिच्या मराठीत 'थोडं'ऐवजी 'स्वल्प' आणि 'बरं'ऐवजी 'सरी' असे कन्नड शब्द खडीसाखरेसारखे मध्येच दाताखाली यायचे. मी तिच्या मराठीला हसायचे आणि ती माझ्या बेळगावी कन्नडला. "भांडतीस का बोलतीस?" म्हणायची. मला तिनं नावानं कधी हाक मारली नाही. मी तिच्यासाठी कायम 'बेळगाव'.

त्या दिवशी तिनं मला बाहेर नेऊन कॉफी पाजली आणि पहिला धडा दिला. "ए बेळगाव, भाव कशाला पाडतीस? पाडलेला भाव शेठ अस्तरातनं वसूल करतो. पुढच्या खेपेला विरळ कापड देईल, तुला कळणार पण नाही. मागून मिळते ती भीक. त्याचं काम हलकं केलं की आपोआप मिळते ती सूट."

शेठचं काम हलकं करायचं म्हणजे काय, ते मी पुढं तिच्या मागं मागं फिरून शिकले. न खपलेल्या रंगांची रिळं शेठचं कपाट अडवून बसलेली असत. सरसक्का ती आधी उचलायची आणि मग चालू रंगांचा विषय काढायची. बिल आलं की मुदतीची वाट बघायची नाही, त्याच आठवड्यात पैसे. उगाच एखाद्या बटणाला चीर गेली म्हणून डबा परत पाठवायची नाही. एका दुकानदाराचा भाव दुसऱ्याला सांगायचा नाही. आणि जी काय सूट ठरेल ती बिलावर दाखवायला लावायची. "तोंडी सूट नको. तोंडाला काय, आज गोड, उद्या कडू," हे तिचं ठरलेलं वाक्य.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे ती एकटी घ्यायची नाही. शहरात इकडेतिकडे पसरलेल्या आम्हा पाचजणींची छोटी छोटी दुकानं तिनं एका माळेत ओवली होती. मोबाइलवर आमचा ग्रुप होता. लिहायचा तिला कंटाळा, त्यामुळे ती आवाज पाठवायची, आणि प्रत्येक वेळी सुरुवात, "हॅलो, मी सरसक्का बोलते." जणू दुसरं कुणी असणार होतं! आम्ही आपापली मागणी सांगायची, ती सगळी एकत्र करून पेटीच्या पेटी घ्यायची, आणि पेटीला मिळालेला दर सगळ्यांना सारखा. राजाजीनगरची रेणुका शाळांचे युनिफॉर्म शिवायची, तिची मागणी सगळ्यांत मोठी. ती एकदा फणकाऱ्यानं म्हणाली की पेटीचा दर माझ्यामुळे मिळतो, तर मला सूट जास्त हवी. सरसक्का म्हणाली, "पेटी तुझ्यामुळे होते, खरं आहे. पण ती भरते या बाकीच्यांच्या दोन-दोन डब्यांनी. अर्धी पेटी शेठ देतो का, विचारून ये." रेणुका गेली नाही. उलट त्या दिवसापासून तीच अक्काचा उजवा हात झाली.

वर्षाची मोठी खरेदी आषाढात. आपल्याकडे कर्नाटकात आषाढ म्हणजे सगळं ठप्प. लग्न नाही, मुंज नाही, नवी सून माहेरी. रेशमी साड्यांची मोठी दुकानंसुद्धा पाट्या लावून स्वस्तात विकतात, तिथं अस्तराला कोण विचारतो? घाऊक पेठेत दुकानदार माशा मारत बसलेले असतात. नेमकी तेव्हा सरसक्का जायची. "हंगामात गेलं तर आपण गिऱ्हाईक, आषाढात गेलं तर पाहुणे," असं ती म्हणायची, आणि खरंच तसं व्हायचं. मार्च-एप्रिलमध्ये ज्या शेठला मान वर करायला फुरसत नसायची, तो आषाढात स्वतः कॉफी मागवायचा, मुलीच्या सासरचं सांगत बसायचा, आणि बोलता बोलता अशी सूट देऊन टाकायचा की तिच्या जागी मी असते तर नाचले असते. सरसक्का नुसतं "सरी" म्हणायची. आणि बसून राहायची. सूट मिळाली की लगेच उठायचं नाही, हा तिचा नियम होता. "लगेच उठलं की त्याला वाटतं, फसलो. कॉफी संपेपर्यंत बसायचं. त्यानं दिलंय, त्याचं त्याला बरं वाटू दे."

आषाढाची तिला अशी सवय लागली की ती सगळंच आषाढावर टाकू लागली. घराला रंग आषाढात, कारण रंगारी रिकामे. चष्म्याचा नंबर आषाढात, दात आषाढात. आम्ही तिची थट्टा करायचो. "अक्का, यमसुद्धा तुमच्याकडे आषाढातच येणार," असं रेणुका एकदा म्हणाली, आणि अक्काच सगळ्यात जास्त हसली. "येऊ दे. तेव्हा त्याच्याकडे पण गर्दी नसेल."

गेल्या वर्षी संक्रांतीला मी तिच्याकडे एळ्ळु-बेल्ल घेऊन गेले. तीळगूळ हातावर ठेवून घेता घेता ती म्हणाली, "बेळगाव, मला इथं एक गाठ लागते." हात डाव्या काखेजवळ छातीवर. एखाद्या रंगाची रिळं संपलीत असं सांगावं, तसा आवाज.

"दुखते?"

"दुखत नाही. म्हणून तर घाई नाही."

"अक्का, न दुखणारीच वाईट असते म्हणतात. उद्याच्या उद्या दाखवू या."

"बघू गं. आषाढात."

मी चिडले. खूप चिडले. तिनं मला समजावलं, जणू आजारी मीच होते. "हे बघ, आता लग्नं लागली. त्याच्या मागं शाळा उघडतात. तुमच्या पाचजणींची पोटं याच महिन्यांवर आहेत. मी चार दिवस आत पडले तर सामान कोण उतरवून घेईल? आणि दवाखान्यात पण आता भारी गर्दी. गर्दीत घेतलेला माल आणि गर्दीत दाखवलेला आजार, दोन्ही नीट बघून होत नाही. आषाढात डॉक्टर पण निवांत असतो."

आता सांगा, या बाईला काय म्हणायचं? आयुष्यभर ज्या शहाणपणानं तिनं आम्हा सगळ्यांना जगवलं, तेच ती आपल्या जिवाला लावत होती. मी दुकानातून उठले ती थेट वर तिच्या घरी गेले आणि तिच्या मुलाला, प्रकाशला, सगळं सांगून टाकलं. त्यानं त्याच आठवड्यात डॉक्टरची वेळ घेतली आणि रजाही टाकली. ठरल्या दिवशी सकाळी ती त्याच्याआधी रिक्षा करून एकटीच निघाली, आणि दुपारी ग्रुपवर तिचा आवाज आला. "हॅलो, मी सरसक्का बोलते. मी दवाखान्याच्या गेटपर्यंत जाऊन आले. अय्यो, काय ती रांग! रेणुका, तुझी बटणं आलीत, गाडी पाठव."

त्यानंतर मी रोज बोलले. प्रकाश बोलला, त्याची बायको रडली, रेणुकानं तर तुमच्याकडून माल घेणार नाही म्हणून धमकी दिली. सगळ्यांना एकच उत्तर, "सरी, सरी. आषाढ लागू दे." पालथ्या घड्यावर पाणी. तिला भीती वाटत होती का? मी पुष्कळ विचार केला. वाटत असेलच. पण त्याहून मोठी तिची सवय होती. दुसऱ्याचं काम हलकं करत करत ती अशी घडली होती की आपलं ओझं कुणाच्या ऐन धावपळीत पुढं करणं तिला जमतच नव्हतं. तिचा मला राग येतो. आजही येतो.

आषाढाच्या पहिल्या दिवशी आम्ही पाचजणी तिच्याबरोबर चिकपेटेत गेलो. "आधी पेट्या सांगून टाकू, मग मी मोकळी," असं तिचं म्हणणं. पारसशेठनं कॉफी मागवली. तिनं नेहमीचं विचारलं, आणि त्यानं शेवाळी रंगाच्या रिळांचे डबे काढले. त्या वर्षी तो रंग कुणी घेतलाच नव्हता. तिनं सगळे घेतले. वरच्या फळीवरचा डबा दाखवताना तिनं डावा हात उचलला नाही, उजवा हात वळसा घालून वर नेला. ते माझ्या लक्षात आलं. सूट नेहमीपेक्षाही चांगली मिळाली. ती कॉफी शेवटच्या घोटापर्यंत प्याली आणि बाहेर येऊन मला म्हणाली, "आयतु. झालं काम. आता उद्या चल माझ्याबरोबर."

दवाखान्यात खरोखरच गर्दी कमी होती. "बघितलंस?" तिनं मला कोपरानं ढोसलं. आत जाताना नर्सनं गळ्यातली टेप काढायला सांगितली, तेव्हा तिनं ती गुंडाळून माझ्या मुठीत दिली. डॉक्टर तरुण बाई होत्या. खरंच निवांत होत्या, खरंच नीट बघितलं. दोन-तीन वेळा बोलावलं, सगळ्या तपासण्या केल्या. आणि शेवटच्या खेपेला अक्काचा हात हातात घेऊन कन्नडमध्ये म्हणाल्या, "स्वल्प मुंचे बरबेकित्तु, अम्मा." थोडं आधी यायला हवं होतं. रोग हाडांपर्यंत पोचला होता.

आम्ही बाहेरच्या बाकावर येऊन बसलो. मग तिनं त्या खेपेलाही माझ्या मुठीत दिलेली टेप घेतली, गळ्यात घातली आणि म्हणाली, "बेळगाव, जन्मात मी एक बिल उशिरा भरलं नाही बघ. हेच कसं राहिलं?" तिचा चेहरा खरोखरच कोड्यात पडल्यासारखा होता. तिथं माझा बांध फुटला. ती माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिली, उजवा.

शेवटच्या दिवसांत ती वरच्या खोलीत, खिडकीजवळच्या कॉटवर असायची. खाली दुकान अर्धं शटर ओढून प्रकाशची बायको सांभाळायची. एका दुपारी पारसशेठ आला. गुडघे धरलेला माणूस, जिन्याची एकेक पायरी बसत बसत चढला. इतक्या वर्षांत तो तिच्या घरी पहिल्यांदाच येत होता. कॉटजवळच्या खुर्चीवर बसला. सरसक्का पार वाळून गेली होती, पण चमक्या होत्या आणि टेप होती. तिनंच डोळे उघडले आणि जेमतेम ऐकू येईल अशा आवाजात विचारलं, "एनु उळ्कोंडिदे, शेट्रे?" काय पडून आहे? तेच, नेहमीचं.

शेठनं मान खाली घातली. "कुछ नहीं, अक्का. सब निकल गया. एकदम खाली है दुकान."

"सरी," ती म्हणाली. तिला बरं वाटलेलं दिसलं.

तो उठला नाही. कॉफी आली, ती त्यानं अगदी सावकाश संपवली, तरी बसून राहिला. मी त्याला खाली सोडायला गेले तेव्हा जिन्याच्या कठड्याला धरून म्हातारा हुंदके द्यायला लागला. "गोदाम भरा पड़ा है, बहनजी. आषाढ़ में एक यही आती थी, तो लगता था घर का कोई आया है." पहिल्या दिवशी मला शेजारच्या दुकानाची वाट दाखवणारा हाच माणूस. आम्ही दोघं पायरीवर बसून रडलो.

ती खंडेनवमीच्या आयुधपूजेच्या थोडे दिवस आधी गेली, झोपेतच. पूजेच्या दिवशी प्रकाशनं सुतक असल्यामुळे काही केलं नाही. दुकानाचं शटर मात्र वर करून ठेवलं. दरवर्षी ती स्वतः कात्र्यांना कुंकू लावायची आणि येणाऱ्या-जाणाऱ्याच्या ओंजळीत चुरमुरे-डाळं ओतायची. आम्ही पाचजणी तिथं जाऊन नुसत्या उभ्या राहिलो आणि परत आलो.

हे सगळं होऊन वर्ष व्हायच्या आत, या मे महिन्यात, एका सकाळी रेणुकाचा ग्रुपवर आवाज आला. "मी रेणुका बोलते. मी उद्या छातीची तपासणी करून घेणार आहे. दुकान बंद ठेवून. कोण कोण येणार?" मे महिना! शाळा उघडायला आलेल्या, लग्नं ऐन भरात, माझ्याकडे शिवायच्या ब्लाउजांचा ढीग. रेणुकाच्या दारात तर शाळांची माणसं उभी असतील. कुणी वेळ मागून घेतली नाही, कुणी पुढच्या आठवड्याचं बोललं नाही. दुसऱ्या दिवशी आम्ही पाचहीजणी आपापल्या दुकानांना कुलपं लावून बनशंकरीतल्या तपासणी केंद्रावर हजर झालो.

तिथं मरणाची गर्दी होती. रांगेत उभं राहून पाय दुखले. मला भीती वाटत होती, आणि बाकीच्यांनाही वाटत असणार. खिडकीशी पोचलो तेव्हा आतल्या चुणचुणीत मुलीनं आम्हाला मोजलं आणि हसून विचारलं, "ऐदु जन इद्दीरा, मॅडम? पाचजणी एकदम आलात तर ग्रुप डिस्काउंट आहे. हाकला? लावू का?"

आम्ही एकमेकींकडे बघितलं. आधी रेणुकाला हसू फुटलं, मग आम्हा सगळ्यांना, आणि हसता हसता रेणुका खिडकीच्या कट्ट्यावर डोकं टेकून ढसाढसा रडायला लागली. मुलगी घाबरून उभी राहिली. तिला वाटलं, आपण काहीतरी चुकीचं बोललो. मागची रांग कुरकुरायला लागली. मी डोळे पुसले आणि म्हटलं, "हाकम्मा, लाव. पण बिलावर दाखव."

बिल हातात आलं. सूट बिलावर होती. तपासण्या झाल्या, निकाल दोन दिवसांनी मिळणार होता, आणि आता तिथं थांबायचं काही कारण नव्हतं. दुकानं बंद होती, गिऱ्हाइकांचे फोन वाजत होते. तरी आम्ही कुणी उठलो नाही. बाहेरच्या बाकावर, कॉफी संपायला लागते तेवढा वेळ, पाचहीजणी चिकटून बसून राहिलो.